लाल वादळाचं वेळापत्रक

खोली बघायला गेले तेव्हा भाडं किती, पाणी कधी येतं, काही म्हणजे काही बोलणं झालं नाही. घरमालकांनी दारातच मान पुढं काढून मला दोनदा हुंगलं.

"अमोनिया," ते म्हणाले. "कुठनं आलीस?"

आता बोला! मी बारामती एमआयडीसीतल्या एका डेअरीत, दूध तपासायच्या लॅबमध्ये, नुकतीच लागले होते. दूध गार करायच्या यंत्रांत अमोनिया असतो, आणि त्याच दिवशी आमच्या साहेबांनी मला सगळी यंत्रखोली फिरवून दाखवली होती. स्कूटीवरून कन्हेरी गावापर्यंत वारा खात आले तरी वास अंगाला राहिला होता म्हणायचा. मला तर मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण ते गृहस्थ एकदम खुलले.

"गुरूवर ह्येचंच ढग हायती. वरच्या अंगाला समदं अमोनियाचं. गारा बी त्येच्याच पडत्यात. म्हंजी तू निम्मी तिथलीच झालीस की! अगं ए, चहा टाक. खोली ठरली."

"आधी त्या पोरीला बसू तरी द्या," स्वयंपाकघरातून आवाज आला. "आल्या आल्या गुरूवर चढवू नका."

ह्या काकी. आणि हे तात्या. त्यांचं नाव सांगत नाही, सांगून उपयोगही नाही, कारण कन्हेरीत सगळे त्यांना कंट्रोलर तात्याच म्हणायचे. कुठल्याशा एसटी स्टँडवर ते वाहतूक नियंत्रक होते. खिडकीमागं माइक घेऊन बसतो आणि 'अमुक गाडी फलाट क्रमांक दोनवर लागलेली आहे' असं नाकातून सांगतो ना, तो माणूस. निवृत्त झाल्यावर लोक पारावर बसतात, नातवंडं खेळवतात, राजकारणावरून भांडतात. तात्यांनी गच्चीच्या कठड्याला एक भोंगा बांधला आणि गुरू, शनी, नेपच्यूनच्या हवामानाच्या घोषणा सुरू केल्या.

थट्टा नाही करत मी. रोज दिवेलागणीला आधी खर्रर्र व्हायचं, मग माइकवर टकटक, आणि मग तो आवाज:

"प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे. गुरू ग्रहाच्या दक्षिण पट्ट्यातील लाल वादळ आज आपल्या नियोजित वेळेवर समोर येईल. शनीच्या उत्तर टोकावरील सहा कोनी वादळ जागच्या जागी उभे आहे. नेपच्यूनकडे जाणाऱ्या प्रवाशांनी टोप्या आणि मफलर सांभाळावेत, तिकडे वारा फार आहे. धन्यवाद."

माइकवर असं छापील मराठी. माइक बंद झाला की, "अगं, डाळीत मीठ घाटलंस का?"

पहिल्या दिवशी मी धावत गच्चीवर गेले, म्हटलं झालं काय. गल्लीत एकानंही मान वर केली नव्हती. सवय झाली होती सगळ्यांना. एकाला तर गरज होती. पलीकडच्या आबांची म्हैस घोषणा झाल्याशिवाय पान्हाच सोडत नसे. आबा बादली घेऊन तिच्याखाली बसून राहायचे आणि 'धन्यवाद' ऐकू आलं की धार लागायची. एकदा आबा कुंपणापाशी येऊन म्हणाले, "तात्या, आज जरा आधी सोडा की घोषणा. मला लग्नाला जायाचंय."

"घोषणा वेळेवर सुटंल," तात्या म्हणाले. "म्हशीला वाट बघाय सांगा."

उंच, वाळके, गळ्यात शिट्टी. निवृत्त होऊनही खाकी पँट रोज इस्त्रीची. शिट्टी कशाला, तर कोंबड्या हाकायला. कोंबड्या त्या शिट्टीला भीक घालत नसत, पण तात्यांचं म्हणणं, परवासी बी घालत नव्हतं. मी डेअरीतून आले की दारात हुंगायचे आणि आत सांगायचे, "आली गं, गुरूवरची आली." पहिले दिवस मला अस्सा राग यायचा! पुढं एखाद्या दिवशी ते घरी नसले आणि कुणी हुंगलं नाही, की चुकल्याचुकल्यासारखं व्हायचं.

इथल्या हवामानाबद्दल मात्र त्यांना विचारायची सोय नव्हती. लोक यायचे बिचारे, उसाला पाणी द्यायचंय, बाजरी वाळत टाकलीय, तात्या, पाऊस येईल का? तात्या हात झटकायचे. "हितलं बारकं हाय. मी त्याच्यात पडत न्हाय."

आणि म्हणून वळवाची ती संध्याकाळ मला जन्मभर पुरेल. तात्या ऐन घोषणेत होते आणि पश्चिमेकडून असा काही धुरळा उठला, की समोरचं दिसेना. मी कपडे ओढत होते. काकी खालून ओरडल्या, "अहो, पत्रा गेला! गोठ्याचा पत्रा गेला!"

तात्यांनी नियमाप्रमाणं माइकवर हात ठेवला. "कुठल्या बाजूला?"

"आबाच्या!"

तात्यांनी हात काढला. "आबांनी कृपया लक्ष द्यावे. आपल्याकडे एक पत्रा येत आहे."

आबा वाचले, हे सांगायलाच हवं. बादली डोक्यावर घेऊन म्हशीच्या पोटाखाली शिरले होते. तात्या नखशिखान्त भिजून खाली आले ते हसतच. "ह्येला वादळ म्हनत्यात व्हय? गुरूवरच्या लाल वादळात आपली आख्खी पृथ्वी मावती. कन्हेरीसकट."

"मग तितनं एक पत्रा आना," काकी म्हणाल्या आणि ओल्या गाईला पुसायला गेल्या.

हे वेड लागलं कसं? ते मला काकींनी सांगितलं, तात्यांनीही सांगितलं, आणि दोघांचं जुळलं, त्यामुळं खरं असावं. नोकरीच्या शेवटच्या थंडीत पुण्याची काही आकाश बघणारी मंडळी मोरगावच्या बाजूला माळावर चालली होती. त्यांची गाडी बंद पडली, म्हणून ती स्टँडच्या आवारात थांबली. वेळ घालवायला त्यांनी तिथंच दुर्बीण लावली आणि खिडकीतल्या कंट्रोलरला बोलावलं. तात्यांनी डोळा लावला. पट्ट्यापट्ट्यांचा गोळा आणि त्यावर एक तांबूस ठिपका. मंडळी म्हणाली, हे वादळ आहे, आपल्या खापरपणज्याच्या आधीपासून फिरतंय. तात्यांना त्याचं काही वाटलं नाही. नुसतं फिरणारं त्यांनी पुष्कळ पाहिलं होतं. पण त्यातला एक जण जाता जाता म्हणाला, "हे आता पलीकडं जाईल आणि पहाटे पाचला परत समोर येईल."

तात्यांची त्या दिवशी रात्रपाळी होती. मंडळींची गाडी दुरुस्त होईना, दुर्बीण तिथंच होती. पहाटे पाचला तात्यांनी पुन्हा डोळा लावला. ठिपका हजर.

"पोरी," हे सांगताना त्यांचा आवाज दर वेळी बारीक व्हायचा, "माझा जलम गेला येळा सांगन्यात. कुठं टायर फुटंल, कुठं उसाची ट्रॉली आडवी हुईल. माझ्या डोळ्यांदेखत ठरल्या येळंला आलेली पैली गाडी ती."

निरोपसमारंभाला लोकांना घड्याळ देतात. तात्यांनी दुर्बीण मागितली. एक जाड, बुटकी नळी, खाली लाकडी खोका. ती गच्चीवर जुन्या गोधडीखाली झोपवलेली असायची आणि तिच्या तोंडाचं झाकण वर्षातले निम्मे दिवस काकींच्या लोणच्याच्या बरणीवर सापडायचं.

शेजारी भिंतीला काळी पाटी. स्टँडवर असते तशीच, खडूच्या रेघांची. गाडी: लाल वादळ. येण्याची वेळ. शेरा. तारखेवार वेळा तात्यांनी एकदाच, निवृत्त झाल्या झाल्या, काढून ठेवल्या होत्या, आणि रोज पाटीवर उतरवायच्या. उन्हाळ्यात गुरू सूर्यामागं गेला, दिसेनासा झाला, तरी पाटी चालूच. "गुरू कुठाय तात्या?" विचारलं तर म्हणायचे, "वर्कशॉपला गेलाय. यील."

एकदा मी विचारलं, "तिथं गेलो तर उतरता येईल का हो?"

"उतरनार कशावर? जमीनच न्हाय. वर हवा, खाली हवा, आनखी खाली दाट हवा. नुसता परवास. स्टँडच न्हाय." आणि त्या दिवशी ते नीट जेवले नाहीत. इतक्या मोठ्या ग्रहावर एकही स्टँड नाही, ह्याचं त्यांना खरोखर वाईट वाटायचं.

ह्या सगळ्यात काकी कुठं होत्या? काकी चुलीपाशी होत्या. पहिल्या वर्षी वादळ वेळेवर यायचं, तात्या हाका मारायचे, आणि काकी म्हणायच्या, दूध चुलीवर हाय, उद्या बघीन. असं उद्या उद्या करत तो मोसम संपला. आणि मी राहायला गेल्यानंतरच्या थंडीत, गुरू पुन्हा संध्याकाळचा उगवायला लागला तेव्हा, काकींचे डोळे बिघडले होते.

मोतीबिंदू. उजवा तर पार पिकलेला. आमटीत दोनदा मीठ. चहात दुधाऐवजी ताक. एकदा अंगणात उभ्या केलेल्या कडब्याच्या पेंढीला त्यांनी "या, बसा की" म्हटलं आणि पाणी आणायला आत गेल्या. आम्ही हसलो, त्याही हसल्या, पण नंतर पदराला हात पुसत बराच वेळ उभ्या राहिल्या. बारामतीच्या डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, आता थांबू नका, जितकं लांबवाल तितकं अवघड. काकींना सुईची भीती. इंजेक्शनचं नाव काढलं की उठून चुलीपाशी जायच्या. तात्यांनी समजावलं, मी समजावलं, आबांनीसुद्धा कुंपणावरून समजावलं. शेवटी एके दिवशी भाकरी थापता थापता त्या म्हणाल्या:

"बरं, जाते. पर आधी तुमचं ते लाल वादळ मला ह्या डोळ्यानं दाखवा. डाक्तरनं डोळा घालवला तर? ज्येच्यापायी रोज कान किटलं ते बघितलं तरी असंल. एकदा दाखवा, मग न्या कुठं न्यायचं तितं."

झालं! तात्यांच्या अंगात दहा हत्तींचं बळ आलं. पाटीवरची वेळ झाली की शिट्टी. काकी माझ्या खांद्याला धरून जिना चढायच्या. तात्या नळी फिरवून गुरू धरायचे, डोळा लावायचे. मग चष्मा पुसून पुन्हा. मग मी बघायची. पट्टे स्पष्ट, बाजूचे चार चंद्र स्पष्ट, आणि ठिपक्याचा पत्ता नाही. तात्या पाटीपाशी जाऊन शेऱ्यात 'विलंब' लिहायचे आणि जेवायला खाली उतरायचे.

"तात्या, थोडं थांबून बघू की," मी म्हणायची.

"कंट्रोलर गाडीची वाट बघत उभा ऱ्हात न्हाय. नोंद करतो."

पाटीवर नुसते विलंबच विलंब झाले. बरं, दुसऱ्या कुठल्या वेळी बघावं, तर तेही नाही. पाटीवर नाही ती गाडी नाहीच! आणि तिकडं काकींचा डोळा दिवसेंदिवस दुधाळ होत चाललेला. डोळ्यामुळं वादळ दिसणार नाही आणि वादळ दिसल्याशिवाय डोळा होणार नाही, असा तो सगळा तिढा, आणि मधे हे महाशय शेरे लिहितायत.

मग मी एक आगाऊपणा केला. डेअरीत जेवणाच्या सुट्टीत फोनवर शोधलं, तर लाल वादळ कधी समोर येतं त्याच्या ताज्या वेळा मिळाल्या. पाटीवरच्या वेळांशी ताडून बघितल्या. काही तासांचा फरक! रोज. घरी जाऊन तात्यांना विचारलं, वेळा काढल्या कशा? ते अभिमानानं म्हणाले, "सोपं हाय. एका फेरीला नऊ तास पंचावन्न मिनटं आन वर काय तरी सेकंद. सेकंद कोन धरतंय? एसटीच्या येळापत्रकात कवा सेकंद बघितलास? सरळ छप्पन धरली."

मी कपाळावर हात मारला. "तात्या, दिवसाला दोन-अडीच फेऱ्या! वर्षभर ते सेकंद साचत गेले की. पहिल्या मोसमात बरोबर आलं, आता तासांनी चुकतंय. वादळाला विलंब नाही झालेला. ते आधीच येऊन निघून जातंय. उशीर आपल्याला होतोय."

तात्या माझ्याकडं बघत राहिले. "म्हंजी, कंट्रोलर लेट?"

मी फोन पर्समध्ये टाकला.

त्या दिवसापासून भोंगा बंद. पाटी भिंतीकडं तोंड करून ठेवली. तात्या बाजेवर आढ्याकडं बघत पडून राहिले. "येळापत्रक चुकत नसतं," एवढंच म्हणायचे, "गाडी चुकती." मी डेअरीतून निघताना मुद्दाम यंत्रखोलीतून चक्कर मारून आले, तरी हुंगलं नाही. मग मात्र मला धसका बसला.

आबा तीन दिवसांनी आले, रडकुंडीला. "तात्या, म्हस आटली. काय तर करा." त्यांनी स्वतः प्रयत्न केला होता म्हणे. गोठ्यात उभं राहून, नाक धरून, 'प्रवाशांनी लक्ष द्यावे' म्हणाले, तर म्हशीनं बादलीसकट त्यांना उडवलं. गुडघा दाखवायला लागले. काकी तोंडाला पदर लावून हसल्या. तात्यांनी कूस बदलली.

दुसऱ्या दिवशी तात्या गच्चीवर जाऊन नुसते बसले होते, भोंग्याकडं पाठ करून. काकी त्यांना चहा घेऊन निघाल्या. मी म्हटलं मी नेते, तर नको म्हणाल्या, माझ्या हातचा घेतील. जिन्याच्या वरच्या टोकाला त्यांची पायरी चुकली. कप खणकन फुटला आणि काकी तीन-चार पायऱ्या घसरत खाली आल्या. मी किंचाळले. तात्या धावत आले.

मनगट सुजलं, बाकी सुदैवानं काही नाही. पण काकी त्याही स्थितीत म्हणतात काय, "काय न्हाय झालं. पायरी दिसली न्हाय, येवढंच."

तात्यांनी त्यांचं मनगट हळदीनं बांधलं. मग वर गेले. दिवेलागण होत होती. खर्रर्र झालं, टकटक झाली.

"प्रवाशांनी कृपया लक्ष द्यावे. लाल वादळाच्या वेळापत्रकात बदल करण्यात आला आहे. वेळापत्रक चुकले होते." मग इतका वेळ शांतता, की मला वाटलं वायर निघाली. "गाडी वेळेवर होती. झालेल्या गैरसोयीबद्दल आमच्या घरातल्या प्रवाशाची माफी मागतो. धन्यवाद."

पलीकडं बादलीत धार वाजायला लागली. काकी हळदीच्या हाताकडं बघत बसल्या होत्या. "मेलं, समद्या गल्लीत सांगायची काय गरज हुती," म्हणाल्या, आणि डोळे पुसले.

तात्यांनी पाटी ओल्या फडक्यानं स्वच्छ पुसली. मी फोनवरून वेळ सांगितली, त्यांनी लिहिली, आणि पुढं सेकंदसुद्धा घालायला लावले, चांगले ठळक. सूर्य मावळल्यावर लगेच वादळ समोर असेल असा दिवस धरला होता. त्या संध्याकाळी आकाश लख्ख. गुरू उसाच्या वर टपोरा. आबाही आले, हातात दुधाची किटली तशीच.

तात्या वाकले. बराच वेळ उठेनात. मी घाबरून जवळ गेले, तर म्हणाले, "आलीय." अगदी हळू. मग उभे राहिले आणि चष्मा काढून उपरण्यानं तोंड पुसलं. "मी वाचलं हुतं, ते वादळ बारीक होत चाललंय म्हून. इतक्या येळा दिसलं न्हाय, तवा मला वाटलं, संपलं. कुनाला सांगनार? रोज भोंग्यावर म्हनत हुतो यील, यील."

हा माणूस महिनोन्महिने हे एकटा गिळून बसला होता. आणि मी त्याला वरून फोन दाखवला होता! मग मी डोळा लावला. खालच्या पट्ट्याच्या काठाला एक लांबट ठिपका. लाल म्हणतात, पण कसला लाल! आमच्या इंदापूरकडच्या पेरूची आतली फोड असते तसा फिका गुलाबी, इवलासा, अगदी स्तब्ध.

आता काकी. आम्ही दोघांनी धरून त्यांना वाकवलं. काकींनी डोळा लावला. काकी कितीतरी वेळ बघत होत्या.

"दिसलं का गं?" तात्यांनी वाकून विचारलं.

"दिसलं!" काकी म्हणाल्या. "अगं बाई! लालभडक हाय की! आन कसं गरागरा फिरतंय, भोवऱ्यावानी!"

आबांनी टाळ्या वाजवल्या, किटली कलंडली. मी तात्यांकडं बघितलं. तात्यांनी माझ्याकडं बघितलं नाही. ते सरळ माइकपाशी गेले. "लाल वादळ वेळेवर आले असून आमच्या प्रवाशाने ते पाहिलेले आहे. धन्यवाद."

काकी शब्दाला जागल्या. पुढच्याच आठवड्यात बारामतीला उजवा डोळा झाला. त्यांना आत नेताना तात्यांनी दवाखान्याच्या पडवीत शिट्टी मारली, तेव्हा सिस्टरनं तात्यांना बाहेर बसवलं आणि शिट्टी काढून घेतली, ती डिस्चार्जच्या वेळी परत दिली. काकी काळा चष्मा लावून बाहेर आल्या त्या तणतणतच. "येवढंच? ह्येच्यासाठी मी येवढी भ्याले? आधी का न्हाय सांगितलं?"

वाकायचं नाही, चुलीच्या धुरात बसायचं नाही, अशी डॉक्टरांची ताकीद. म्हणून तात्या भाकरी करायला लागले. एकही गोल नसायची. सहा कोपरे. "शनीची हाय, खावा," म्हणायचे. आम्ही दोघींनी महिनाभर शनी खाल्ला.

मग माझी बदली झाली, इंदापूरला, दुधाच्या चिलिंग सेंटरवर. निघायच्या आधीच्या रविवारी डॉक्टरांनी काकींना सगळी मोकळीक दिली होती. पाटीवर संध्याकाळची वेळ होती, सेकंदांसकट. काकी कुणाचा खांदा न धरता जिना चढल्या आणि तात्यांच्या आधी जाऊन दुर्बिणीला नवा डोळा लावला.

पदरानं डोळा टिपला. पुन्हा लावला.

"अहो," शेवटी म्हणाल्या, "हे तर फिकं हाय. पेरवाच्या फोडीवानी. आन फिरत बी न्हाय."

"फिरतं. पर असं दिसत न्हाय," तात्या म्हणाले.

"मग त्या दिशी मी फिरतंय म्हनले, तवा गप का ऱ्हायलात?"

"त्या दिशी तुला काय दिसलं हुतं?"

"काय न्हाय. नुसता धूर."

"मग दिसलं का म्हनलीस?"

काकींनी दुर्बिणीवरचा डोळा काढला नाही. "तुमी येवढं येळापत्रक पुसलं. भोंग्यावर माफी मागितली. येवढं करून गाडी आलीच न्हाय, असं कसं म्हनू?"

तात्या खाकरले. कठड्याकडं गेले, परत आले. खिशातलं पेन काढून पुन्हा खिशात लावलं. मी आबांच्या गोठ्याकडं बघत होते, कारण दुसरीकडं कुठं बघावं कळेना.

"बरं, सर आता," तात्या म्हणाले. "मला बघू दे. जाईल ती."

"रांगेत उभं ऱ्हावा," काकी म्हणाल्या. "माझं बघून झालं न्हाय."

आणि तात्या रांगेत उभे राहिले. जन्मभर लोकांना रांगेत उभं केलेला माणूस आपल्याच गच्चीवर, आपल्याच दुर्बिणीमागं, हात मागं बांधून. त्यांच्यामागं मी, माझ्यामागं आबा. काकींना नळी हळूच ढकलायचं तंत्रही समजलं होतं, गुरू सरकला की त्या नळी सरकवायच्या. तात्या एकदा घड्याळाकडं बघायचे, एकदा काकींच्या पाठीकडं. दोनदा म्हणाले, "अगं." काकींनी ऐकलं नाही. ठिपका कडेला जाऊन पलीकडं वळला तेव्हाच त्या उठल्या आणि म्हणाल्या, "गेली. चला जेवाय."

तात्यांनी खडू उचलला. शेऱ्याच्या रकान्यात लिहिलं, 'वेळेवर.' थोडं थांबले, आमच्याकडं वळून बघितलं, आणि त्याच्याखाली बारीक अक्षरात लिहिलं, 'कंट्रोलरला जागा मिळाली नाही.'